आधी कोणाकडे

वाशीमच्या ज्या दवाखान्यात मी उमेदीची वर्षं काढली, तिथं खाटा बारा होत्या आणि नर्स मी एकटी. हाताखाली एक आया. ती गावातल्याच एका पिंजाऱ्याची विधवा, माझ्याहून वीसेक वर्षांनी मोठी. सगळे तिला खाला म्हणत, मीही खालाच म्हणे. शिवाय एक डॉक्टर, औषधाच्या खिडकीत एक कंपाउंडर आणि झाडलोटीला एक माणूस. एवढ्यांवर तो दवाखाना चाले. लढाई सुरू होऊन वर्ष झालं होतं. चहूकडे कापूस पिकत होता आणि आम्हाला पट्ट्यांना कापड मिळत नव्हतं. वापरलेल्या पट्ट्या उकळायच्या, दोरीवर वाळवायच्या आणि पुन्हा गुंडाळून ठेवायच्या, हे रोजचं काम होतं.

मी मूळची जऊळक्याकडची. सतराव्या वर्षी विधवा झाले. थोरल्या भावानं कुणाचं ऐकलं नाही, मला मिशनच्या दवाखान्यात नर्सिंग शिकायला धाडलं. तिथल्या म्हाताऱ्या मेट्रनबाईंनी तीन वर्षांत पुष्कळ शिकवलं. त्यातलं बरंच मी पुढं विसरले, पण एक सवय अंगात मुरली. सकाळी वॉर्डात पाऊल टाकलं की कशालाही हात लावायचा नाही. आधी या टोकापासून त्या टोकापर्यंत नुसतं चालत जायचं आणि बघायचं. ओठ कुणाचे सुकलेत, श्वास कुणाचा उथळ चाललाय, कोण भिंतीकडं तोंड करून पडलाय, कुणाचं उशाचं पाणी कालपासून तसंच आहे. काल कण्हत असलेला आज एकदम गप्प झाला असेल तर तिथं थांबायचं. अशी फेरी झाली की मगच ठरवायचं की आज आधी कोण, मग कोण, आणि कुणाला दुपारपर्यंत थांबवता येईल.

वाशीमला आल्यावर मी एक पाटी घेतली. फेरी झाली की पाटीवर खाटांचे नंबर त्या दिवसाच्या क्रमानं लिहायची. नऊ, चार, अकरा, दोन, असे. खालाला अक्षर येत नव्हतं, पण आकडे येत होते. पाटी बघून ती कुठं गरम पाणी न्यायचं, कुठं भांडं द्यायचं, ते न विचारता करी. आम्हा दोघींत फार बोलावं लागत नसे. शिवाय जे जास्त आजारी असतील त्यांच्या खाटा मी दाराजवळ, माझ्या मेजापाशी ओढून घ्यायची. दुसऱ्याची मलमपट्टी करताना मान वळवली तरी ते दिसत.

हे सगळं महिनाभर नीट चाललं. मग डॉक्टरांच्या लक्षात आलं.

डॉक्टर वाईट माणूस नव्हते, हे आधीच सांगते. सकाळपासून अंगणभर लोक बसलेले असत. त्यांना ते एकटे तपासत, आणि दुपारचं जेवण पुष्कळदा चुकवत. पण वरून येणाऱ्या साहेबांची त्यांना भारी धास्ती होती. दर वर्षाला एकदा तपासणी होई आणि त्या एका दिवसासाठी ते वर्षभर काळजी करत.

एके सकाळी ते वॉर्डात आले आणि दारातच थबकले.

"नऊ नंबरची खाट तीनच्या जागी कशी?"

"पोरीला मुदतीचा ताप आहे, साहेब. नजरेखाली पाहिजे म्हणून जवळ आणली."

"आणि तीनवरचा हात मोडलेला माणूस?"

"तो नवाच्या जागी आहे. त्याला काही लागत नाही."

डॉक्टरांनी भिंतीकडं बोट केलं. भिंतीवर काळ्या रंगानं एक ते बारा आकडे घातलेले होते. "उद्या तपासणीचे साहेब रजिस्टरात ताप वाचून नऊ नंबरकडं गेले आणि तिथं मोडका हात सापडला, तर मी काय उत्तर देऊ? खाटा जागेवर लावा. आणि कामही नंबरानं करत चला. एकपासून सुरू करायचं, बारावर संपवायचं. म्हणजे कुणी राहिला असं होत नाही."

मी म्हटलं, "साहेब, एक नंबरच्या पाठीवर काळपुळी फुटली आहे. चार नंबरचे टाके स्वच्छ आहेत. आधी पू धुवायचा आणि मग त्याच हातांनी टाक्यांना लागायचं का?"

"हात धुवायला तुम्हाला कुणी मना केलंय?" ते म्हणाले, आणि जाताना मेजावरची पाटी त्यांनी फडक्यानं पुसून टाकली.

मी खाटा परत लावल्या. मी आणि खाला दोघींनी ओढल्या. ओढताना खाला पुटपुटली, "खटिया को नंबर है, बुखार को नंबर नै." मला हसू आलं नाही. दिवसभर डोकं तापलेलं होतं. हात धुवायला पाणी लागतं, पाणी विहिरीवरून आणायला माणूस लागतो, आणि तो माणूस झाडलोटीचाही एकच होता. व्हरांड्यात महारवाड्यातला एक मजूर पायाला कुऱ्हाड लागून पडला होता. आतल्या आजाऱ्यांच्या नातेवाइकांनी त्याला आत घेऊ दिलं नव्हतं. त्याच्या पाण्याची घागर वेगळी ठेवायची, आणि त्याच्याकडून मी सरळ आत आले की कुरकुर सुरू व्हायची. अशा गोष्टींत माझा दिवस चालला होता. आजाऱ्यांच्या वाट्याला त्यातलं उरेल तेवढंच येत होतं.

तरी मी लपूनछपून माझंच करायची. पाटी नाही तर नाही. सकाळची फेरी डोळ्यांनी करायची होती, ती कोण बंद करणार? नंबरानं चालल्यासारखं दाखवायचं आणि मधूनच नऊकडं, अकराकडं जाऊन यायचं. पाय दुखायचे. एकाच वॉर्डात मी दिवसातून किती वेळा या टोकाहून त्या टोकाला जायची, ते माझं मलाच माहीत.

नऊ नंबरची पोर मालेगावची, दहा वर्षांची. तिचा मुदतीचा ताप, म्हणजे टायफॉइड, तिसऱ्या आठवड्यात होता. तेव्हा या तापावर आजच्यासारखं औषध नव्हतं. सेवा करायची, एवढंच हाती होतं. थंड पाण्यानं अंग पुसायचं, तोंड साफ करायचं, कूस बदलायची, आणि ठरल्या वेळेला बार्लीचं पाणी किंवा पाणी घातलेलं दूध थोडं थोडं द्यायचं. घट्ट अन्नाचा कण पोटात जाऊ द्यायचा नाही. तिसऱ्या आठवड्यात ताप उतरू लागतो, भूक लागते, आणि तोच धोका असतो. तिच्याजवळ तिची आई राहत होती. शेतकऱ्याच्या घरची, अबोल बाई. मी पहिल्याच दिवशी तिला सांगितलं होतं, "तिले काही खायाले द्याचं नाई." तिनं मान हलवली होती. मी पुढच्या खाटेकडं गेले होते.

अकरा नंबरवर अनसिंगची बाळंतीण होती. बाळंतपण घरीच झालेलं. दोन दिवसांनी अंगावरून जाणं थांबेना म्हणून नवऱ्यानं बैलगाडीत घालून आणलं. बाळ चांगलं होतं, तिच्या कुशीत झोपायचं. खाटेच्या पायथ्याकडचे दोन खूर विटांवर चढवून मी तिला निजवलं होतं. डॉक्टरांनी रक्त थांबवायचं अर्गटचं औषध लिहून दिलं होतं. आदल्या दिवशी रक्तस्राव कमी झाला होता, आणि आम्हाला वाटलं होतं की आता थांबलाच.

त्या दिवशी तपासणी होती.

सकाळच्या फेरीत अकराशी माझे पाय थांबले. बाईचे ओठ कालच्यापेक्षा पांढरे होते. नाडी बघितली तर बारीक आणि घाईत चाललेली. पोटाला हात लावला, गर्भाशय मऊ लागला. तो घट्ट असायला हवा. मी तो वरून चोळला, तेव्हा थोडा आवळला. मनात क्रम पक्का झाला. आज अकरा नंबर सोडायचा नाही. मधून नऊ नंबरला आठ, दहा आणि बारा वाजता बार्लीचं पाणी. बाकीचे दहाजण दुपारपर्यंत थांबले तर काही बिघडत नव्हतं.

मी डॉक्टरांना जाऊन सांगितलं. ते कंपाउंडरकडून बाटल्या पुसून घेत होते. ते आले, नाडी बघितली, म्हणाले, "अर्गट पुन्हा द्या. साहेब गेले की मी आत काही राहिलंय का बघतो. वार तुटून राहिली असेल." मग वॉर्डभर नजर फिरवली आणि म्हणाले, "चादरी अजून बदलल्या नाहीत? नऊ वाजता मोटर यायची आहे."

चादरी बदलल्या. बाराच्या बारा. नऊच्या पोरीला आठ वाजताचं पाणी कसंबसं दिलं. अकराजवळ खालाला बसवलं, तिचा हात बाईच्या पोटावर ठेवून दाखवलं, "असं चोळत राहा. हात काढू नका." नऊ वाजता डॉक्टरांनी मला मेजापाशी उभं केलं. पांढरा ॲप्रन, समोर रजिस्टर, शेजारी तापाचे तक्ते. "साहेब आले की तुम्ही इथंच असल्या पाहिजेत. ते नर्सला प्रश्न विचारतात."

मोटर आली नाही. साडेनऊ झाले, दहा झाले. मी उभीच. तिथून मला अकरा नंबरची फक्त पायथ्याकडची पट्टी दिसत होती. नऊची पोर रडू लागली होती. दहाच्या पाण्याची वेळ झाली होती. मी एक पाऊल पुढं टाकलं तर डॉक्टर दारातून म्हणाले, "बाई, जागा सोडू नका. मोटर स्टेशनापर्यंत आली म्हणून निरोप आलाय."

स्टेशन काही लांब नव्हतं. पाच मिनिटांत येतील म्हणून मी थांबले. पाच मिनिटांची दहा झाली. पोरीचं रडणं वाढलं. "माय व, भूक लागली व," असं ती घोगऱ्या आवाजात म्हणत होती. तिची आई माझ्याकडं बघत होती. एकदोनदा तिनं "बाई" म्हणून हाकही मारली. मी हातानं थांब म्हणून खूण केली.

तेवढ्यात खाला अकराकडून उठून आली. तिचे हात मनगटापर्यंत लाल होते.

"बाई, चादर फिर भिगी. मेरे हात से नै रुकता."

मी दाराकडं धावले. डॉक्टर फाटकाशी होते, आणि मोटर खरोखरच आत वळत होती. मी ओरडले, "साहेब, अकरा नंबर!" त्यांनी मागं न बघता हात वर केला. पाच बोटं दाखवली. पाच मिनिटं.

मी वॉर्डात परत आले ती मेजाकडं गेले नाही. पडदा ओढला आणि अकराच्या खाटेवर गुडघा टेकून दोन्ही हातांनी बाईचं पोट दाबलं. खालाला म्हटलं, कपाटातून अर्गटचं इंजेक्शन आणा. ते डॉक्टरांच्या हुकमाशिवाय द्यायचं नाही असा नियम होता. मी दिलं. बाई डोळे मिटून पुटपुटत होती, "माह्या लेकराले पाहा." मी म्हटलं, "तुयं लेकरू चांगलं हाय. तू डोये उघडे ठेव. माह्याशी बोल." ती बोलत नव्हती, पण डोळे उघडे ठेवत होती.

पडद्याच्या पलीकडं बुटांचा आवाज झाला. साहेब एकेका खाटेशी थांबत होते. डॉक्टर इंग्रजीत बोलत होते. मधेच मला जाणवलं की नऊच्या पोरीचं रडणं थांबलंय. मला बरं वाटलं. वाटलं, झोपली असेल. एवढंच वाटलं मला त्या वेळी.

साहेबांनी पडदा बाजूला केला. माझ्या बाह्या कोपरापर्यंत भिजलेल्या होत्या. त्यांनी बाईकडं बघितलं, मग माझ्याकडं, म्हणाले, "चालू द्या," आणि पडदा सोडला. थांबले नाहीत. बुटांचा आवाज बाराकडं, मग बाहेर गेला.

मोटर निघाल्याबरोबर डॉक्टर धावत आले. कोट फेकला, हात धुतले, आणि तासभर त्यांनी जिवाच्या करारानं काम केलं. वारेचा तुकडा आत राहिला होताच. तो हातानं काढला. रक्त थांबलं. बाईच्या ओठांवर थोडा रंग यायला दुपार झाली. डॉक्टर घाम पुसत म्हणाले, "इंजेक्शन तुम्ही वेळेवर दिलंत." त्यांच्या तोंडून एवढं ऐकायची मला सवय नव्हती. पाठ वाकत नव्हती. सकाळपासून पोटात काही नव्हतं.

मग मी नऊकडं गेले.

पोर झोपली नव्हती. पाय पोटाशी घेऊन पडली होती. चेहरा घामेजलेला, नाकाचा शेंडा थंड. पोटाला हात लावताच किंचाळली. पोट फळीसारखं कडक होतं. सकाळीच बदललेल्या पांढऱ्या चादरीवर, तिच्या कुशीखाली, ज्वारीच्या भाकरीचे दोन-तीन कण होते.

मी डॉक्टरांना बोलावलं. त्यांनी एकदाच पोट चाचपलं आणि माझ्याकडं बघितलं. आतडं फुटलं होतं. आमच्या इथं तसलं ऑपरेशन होत नव्हतं. आगगाडी दुसऱ्या दिवशी होती, आणि पोरीला हलवणं म्हणजे वाटेतच संपवणं होतं.

मी तिच्या आईला व्हरांड्यात घेऊन गेले. माझा राग मला आवरत नव्हता.

"तिले भाकर देल्ली तुमी?"

"देल्ली, बाई. दोनच घास. दुधात कुस्करून देल्ले."

"काहून देल्ली? म्या तुमाले सांगतलं नव्हतं? काही द्याचं नाई मून सांगतलं नव्हतं?"

"सांगतलं होतं."

"मंग?"

तिनं पदर तोंडाशी धरला होता, तो काढला. आवाज चढवला नाही. "पोरगी सकायपासून उपाशी रडून राह्यली होती. दहाचं पाणी तुमी देल्लं नाई. म्या तुमाले हाका मारल्या. तुमी मेजापाशी उभ्या होत्या. मंग तुमी पडद्यामांगं गेल्या. मले वाटलं, आता कोणी येत नाई. तुमी कुठं होत्या, बाई? अन् द्याचं नाई मून सांगतलं, काहून नाई द्याचं ते कोणी सांगतलं मले?"

माझ्याकडं उत्तर होतं. अकरा नंबरची बाई मरत होती, हे उत्तर होतं. तासभर मला साहेबांसाठी उभं केलं होतं, हेही होतं. पण यातलं एकही तिला देण्यासारखं नव्हतं. मी आत गेले. पोरीच्या कपाळावर ओला कपडा ठेवला. दुसरं करण्यासारखं काही उरलं नव्हतं. संध्याकाळी तिचा बाप मालेगावहून आला. तो खाटेच्या पायथ्याशी फेटा हातात घेऊन उभा राहिला, बसा म्हटलं तरी बसला नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी, वॉर्डात दूध वाटायच्या वेळेला, पोर गेली.

त्यानंतर मी डॉक्टरांना विचारलं, "भाकरीनंच झालं का?"

ते म्हणाले, "सांगता येत नाही. तिसऱ्या आठवड्यात आतडं आपोआपही फुटतं. नुसत्या बार्लीच्या पाण्यावर असलेल्यांचंही फुटलेलं मी बघितलंय." पण रजिस्टरात त्यांनी लिहिलं की नातेवाइकांनी मनाई असताना अन्न दिलं, आणि खाली नर्स म्हणून माझी सही घेतली. मी सही केली. मनाई केली होती हे खरंच होतं. चार शब्दांत, दुसऱ्या खाटेकडं जाता जाता केली होती, ते रजिस्टरात लिहायला जागा नव्हती.

पंधरा दिवसांनी तपासणीचा शेरा आला. डॉक्टरांनी तो मला वाचायला दिला. वॉर्ड स्वच्छ, चादरी उत्तम, खाटा क्रमवार. नर्सचा ॲप्रन अस्वच्छ आढळला, ती नेमून दिलेल्या जागी नव्हती. खुलासा मागवावा.

मी तो कागद दोनदा वाचला. मग खालाला वाचून दाखवला. खालानं विचारलं, "अब क्या लिखोगी?" मी म्हटलं, "जे झालं ते." डॉक्टर म्हणत होते, "दिलगीर आहे एवढं लिहा आणि मिटवा." मी दोन पानं लिहिली. बारा खाटा, एक नर्स, त्या दिवशी कोणाला काय हवं होतं आणि मी कुठं होते. शेवटी लिहिलं की दुसरी नर्स द्यावी. डॉक्टरांनी ती पानं वर पाठवली, हे त्यांच्या बाजूनं सांगायला हवं. त्यांनी स्वतःचीही एक ओळ जोडली होती, मागणी योग्य आहे म्हणून. उत्तर आलं ते असं की खुलासा मान्य, पुढं काळजी घ्यावी. दुसऱ्या नर्सबद्दल एक अक्षर नव्हतं. पुढं दोनदा पुन्हा लिहिलं. एकदा उत्तर आलं की बारा खाटांना एक नर्स पुरेशी असते. दुसऱ्यांदा उत्तरच आलं नाही.

अनसिंगची बाई तीन आठवड्यांनी चालत गाडीत बसली. जाताना तिनं माझ्या पायांना हात लावला. मला ते सहन झालं नाही, मी पाय मागं घेतले. तिला वाटलं असेल, बाई गर्विष्ठ आहे.

एक गोष्ट मात्र मी त्यानंतर बदलली. तिला कुणाची परवानगी लागत नव्हती. मुदतीच्या तापाचा आजारी आला की त्याच्या माणसाला मी जमिनीवर समोर बसवायची आणि काहून ते सांगायची. कागद पाण्यात भिजवून दाखवायची. "पाहा, कोरडा होता तेव्हा ओढला तरी फाटत नव्हता. आता त्यावर बोट ठेवा. तुमच्या माणसाचं आतडं आत्ता असं झालं हाय. भाकरीचा तुकडा यावरून सरकला तं काय होईन?" मग त्याला कामही द्यायची. दहा वाजता मी आले नाही तर हे भांडं, हा चमचा, एवढं पाणी, तुम्हीच द्या. माझी वाट पाहू नका. पहिल्याच वेळी एका म्हाताऱ्या शेतकऱ्यानं कागदाला बोट लावलं आणि झटकन मागं घेतलं, जणू त्याच्याच लेकाला दुखलं असतं. त्यानं शिदोरीचं गाठोडं उचलून व्हरांड्याबाहेर नेऊन ठेवलं.

सगळेच ऐकत असं नाही. एकीनं कागद बघितला, मान डोलावली आणि दुपारी पोराला पुरणपोळी भरवली. पोर वाचलं, आणि तिनं वॉर्डभर सांगितलं की बाई उगाच भिववते. मी डोकं धरून बसले. आणि डॉक्टर म्हणत, "तुम्ही नातेवाइकांशी गप्पा फार मारता. तेवढ्यात तीन पट्ट्या होतात." ते खरंही होतं. एकाला समजावायला बसले की व्हरांड्यातला एखादा पाण्यासाठी ताटकळायचा. तो वेळ मी कुठून तरी काढलेलाच असे, आणि ज्याच्या वाट्यातून काढला त्याला तो कमीच पडत असे. यावर मला आजवर उपाय सापडलेला नाही.

दीडेक वर्षानंतर मला लस टोचण्याच्या कामावर मालेगावला पाठवलं. मोठी रांग होती. बाजाराचा दिवस होता, म्हणून आसपासच्या खेड्यांतलेही लोक आले होते. मेजावर मी, शेजारी एक शिपाई नावं लिहीत होता. दुपारी रांगेत ती समोर आली. मी तिला लगेच ओळखलं. कडेवर वर्षभराचा मुलगा होता. तिनं त्याचा दंड उघडा करून माझ्यापुढं धरला. मी टोचलं. पोर रडलं. मला वाटलं ती आता जाईल, आणि खरं सांगायचं तर तसं व्हावं असंच मला वाटत होतं.

ती गेली नाही.

"बाई, ओयखलं?"

"ओयखलं."

मला सांगायचं होतं, की डॉक्टर म्हणाले होते, ते आपोआपही फुटतं, तुमच्या दोन घासांनीच झालं असं नाही. तोंडापर्यंत आलं होतं. तीच आधी बोलली.

"याले ताप आला तं काय द्याचं न् काय नाई द्याचं, ते मले आताच सांगून ठेवा. अन् काहून, तेही सांगा. मंग तुमाले येळ भेटत नाई."

शिपाई म्हणाला, "बाई, पुढं घ्या. रांग लांब हाय." मागची माणसं ओरडू लागली होती, उन्हात उभी होती बिचारी. मी तिला मेजाच्या आतल्या बाजूला, माझ्याजवळ खाली बसवलं. ताप किती दिवसांचा झाला की काय समजायचं, अंग कसं पुसायचं, जुलाब झाले तर पाण्यात काय घालायचं, कधी वाशीमला घेऊन यायचं, सगळं सांगितलं. तिनं एकेक गोष्ट माझ्यापुढं पुन्हा म्हणून दाखवली, दोन ठिकाणी चुकली, मी दुरुस्त केलं. मग त्या दोन घासांबद्दल डॉक्टर जे म्हणाले होते, तेही सांगितलं. ती ऐकत राहिली. "असं मनता," एवढंच म्हणाली. पोराला खांद्यावर घेऊन उठली आणि बाजाराकडं गेली. तिला ते पटलं की नाही, मला कळलं नाही.

त्या दिवशी ऊन उतरेपर्यंत रांग संपली नाही. पुष्कळ लोक कंटाळून न टोचता घरी गेले. शिपायानं तसं कळवलं, आणि आठवड्याभरात मला पुन्हा एक कागद आला. काम अपुरं का राहिलं, त्याचा खुलासा करावा.